धोका कोणापासून?

पोलीस ठाण्यातल्या बाकावर बसून मी अर्ज लिहीत होते. मावशी शेजारी. तिच्या मांडीवर कापडी पिशवी, पिशवीत सातबारा, फेरफार, आधीच्या फसलेल्या मोजणीचा पंचनामा आणि का कोण जाणे, काकांचा, म्हणजे तिच्या यजमानांचा, लॅमिनेट केलेला मृत्यूचा दाखला. मायना टेबलापलीकडच्या अंमलदारानंच सांगितला होता : 'जमीन मोजणीकामी सशुल्क पोलीस बंदोबस्त मिळणेबाबत'. गट नंबर झाला, चतुःसीमा झाल्या, मोजणीची तारीख झाली. मग तो वर न बघताच म्हणाला, "आता सामनेवाल्यांची नावं लिहा, आणि धोका कोणापासून आहे ते." मी पेन टेकवलं, तर मावशीनं माझं मनगट धरलं. "भाऊजींचं नाव नको लिहूस." अंमलदार म्हणाला, "आजी, नावाशिवाय कसं चालेल?" "मग पोरांपासून लिही." "कुणाच्या पोरांपासून?" यावर मावशी समोरच्या भिंतीवरच्या हरवलेल्या माणसांच्या फोटोंकडे बघत बसली. डोक्यावर पंखा खडखडत होता. मागे कुणीतरी मोबाइल चोरीला गेल्याचं तिसऱ्यांदा सांगत होतं. आणि माझ्यासमोर कागदावर दोनेक ओळींची कोरी जागा.

ती जागा नंतर भरली, अर्ज गेला, बंदोबस्तही मिळाला. पण डोक्यातून ती जागा काही जाईना.

मावशी लग्न होऊन त्या घरात आली तेव्हा तिचे हे भाऊजी, म्हणजे धाकटे दीर बापूकाका, तिसरीत होते. सासू अंथरुणाला खिळलेली, त्यामुळे दिराच्या डोक्यातल्या उवा काढण्यापासून गृहपाठावर सही करण्यापर्यंत सगळं हिच्याकडे. त्यांना विषमज्वर झाला तेव्हा ससूनच्या वऱ्हांड्यात सतरंजी टाकून हिनं रात्री काढल्या. हे सगळं आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. मावशीला मूल नाही, आणि बापूकाका तिला आईच मानतात, असं आमच्याकडे म्हणायची पद्धत होती. ते खोटं नव्हतं. उन्हाळ्याच्या सुट्टीत आम्ही जायचो तेव्हा विहिरीवर पोहायला मला बापूकाकांनीच शिकवलं, कमरेला वाळलेला भोपळा बांधून. आंब्याच्या अढीतला पहिला पिकलेला आंबा ते वहिनीला देत आणि वहिनी तो आम्हाला देई. मग काका गेले. मग गावाच्या अंगावर पुणं आलं. सिंहगड रस्त्याच्या बाजूची जी गावं २०२१ मध्ये महापालिकेत गेली त्यांतलं हे एक. कुणीतरी विकास आराखड्यातला रस्ता आपल्या गटातून जातोय असं सांगितलं, आणि ज्या पट्ट्यात पावसाळ्यात भात आणि पुढं हरभरा घ्यायचे तिथं लोक थांबून मोबाइलवर नकाशे बघू लागले. गुंठ्याचा भाव आता तिथं आजाराचं नाव सांगावं तसा दबक्या आवाजात सांगतात. 'वहिनी, तुम्हाला काय करायचंय एवढ्या जमिनीचं, हक्कसोड करून द्या, मरेपर्यंत सांभाळू' हे वाक्य पहिल्यांदा कोण बोललं यावर घरात दोन मतं आहेत. मावशीच्या मते ते बापूकाकांच्या मुलाचं. माझ्या मते ते त्या घरात बराच काळ भिंतीला टेकून उभंच होतं.

तर पहिली मोजणी फसली. भूकरमापक, म्हणजे सरकारी मोजणीदार, आला, काठीवर बसवलेलं ते पांढरं डबं घेऊन, ज्याला सगळे आता रोव्हर म्हणतात. बांधावर चारपाच दुचाक्या आडव्या लागल्या होत्या. मुलं होती, पंचविशीतली, दाढ्या कोरलेली. कुणी शिवी दिली नाही, कुणी हात लावला नाही. नुसतं उभं राहायचं, आणि भूकरमापक जिकडे काठी नेईल तिकडे हळूहळू सरकायचं. 'साहेब, वाद आहे जागेत, कशाला उन्हात फिरताय.' तासाभरानं त्यानं 'हरकतीमुळे मोजणी होऊ शकली नाही' असं लिहून पंचांच्या सह्या घेतल्या आणि तो निघून गेला. जाताना मावशीला हळूच म्हणाला, "पुढच्या वेळी बंदोबस्त घ्या."

बंदोबस्त घ्यायचा म्हणजे आधी ठाण्यात जायचं, आणि ठाण्यात पहिल्या फेरीत ऐकायला मिळतं ते वाक्य पुण्यात ज्याची म्हणून गुंठाभर जागा आहे त्याला पाठ असतं : 'हे दिवाणी आहे, कोर्टात जा.' फार तर अदखलपात्र नोंद, म्हणजे एनसी करून देतात. एनसीची झेरॉक्स काढून माणूस घरी येतो आणि ती फाईलला लावतो. फाईल जाड होते. मलाही त्या वाक्याची चीड होती. पण दुसरी बाजू मनात घोळवली की वाटतं, ठाण्यातल्या माणसानं सातबारा वाचून निकाल द्यायला लागावं असं आपल्याला खरंच हवंय का? आज तो माझ्या बाजूनं वाचेल, उद्या पैसेवाल्याच्या. पोलीस जमिनीच्या वादात पडतात तेव्हा 'सेटलमेंट'चे जे किस्से बाहेर येतात, ते ऐकूनही आपणच चवताळतो. आला तर का आला, नाही आला तर का नाही आला. दोन्ही तक्रारी एकाच तोंडातून येतात, आणि बहुतेक वेळा दोन्ही खऱ्या असतात.

कायद्याचंही तसंच आहे. जागेवरून मारामारी होण्याची चिन्हं दिसली तर कार्यकारी दंडाधिकाऱ्यानं चौकशी करायची, हे कलम पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेत १४५ होतं, १ जुलै २०२४ पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ते १६४ झालं. वकिलांच्या बोलण्यात अजून १४५च. त्यात मालक कोण हे पाहायचंच नसतं. त्या दिवशी प्रत्यक्ष ताबा कुणाचा होता, एवढंच. आणि अगोदरच्या दोन महिन्यांत कुणाला दांडगाईनं हुसकलं असेल तर ताबा त्याचाच धरायचा. हे पहिल्यांदा समजलं तेव्हा मला फार थंड, फार कोरडं वाटलं होतं. मग आमच्या भागातल्या गोष्टी नव्यानं कळू लागल्या. शुक्रवारी संध्याकाळी कोर्ट उठल्यावर पत्र्याचे ट्रक का येतात. दिवाळीच्या आणि मे महिन्याच्या सुट्टीत कंटेनरच्या केबिनी एका रात्रीत का उगवतात, आणि त्यात लगेच दिवा, खाट, कुत्रं आणि एखादा परप्रांतीय रखवालदार कसा येतो. ज्याला 'ताबा मारणं' म्हणतात त्याचं सगळं शास्त्र या तारखांवर उभं आहे. पंचांग बघून लग्न ठरवणारे लोक कोर्टाच्या सुट्ट्यांची यादीही तेवढ्याच भक्तीनं बघतात. सिंहगड रस्त्यानं, मुळशीकडे, वाघोलीकडे कुठंही जा, मोकळ्या प्लॉटवरचे फलक वाचत जा : 'सदर मिळकत अमुक यांच्या मालकी व वहिवाटीची', त्याच्या शेजारीच नव्या रंगात 'सदर मिळकतीबाबत दावा प्रलंबित, व्यवहार करू नये'. दोन फलक एकमेकांकडे पाठ करून उभे, आणि मध्ये गाजरगवत.

दुसऱ्या फेरीत, हाती पंचनामा आणि मोजणी खात्याचं पत्र असल्यावर, अर्ज घेतला गेला. पैसे भरावे लागतील हे मावशीला माहीत नव्हतं. अर्जदाराच्या खर्चानं जादा पोलीस देण्याची सोय १९५१ च्या महाराष्ट्र पोलीस कायद्यातच आहे, कलम ४७. किती माणसं, कुठल्या हुद्द्याची, किती वेळ, यावर रक्कम. चलन भरून पावती जोडायची. मावशी पावतीकडे बराच वेळ बघत राहिली आणि म्हणाली, "म्हणजे माझ्याच जमिनीवर मी उभं राहायचे पैसे." मी तिला सांगत बसले नाही, पण पेशवाईतही हे असंच होतं. वतनाचा वाद सरकारात गेला की निकालानंतर हरणाऱ्याकडून 'गुन्हेगारी', म्हणजे दंड, घेत आणि जिंकणाऱ्याकडून 'हरकी', म्हणजे जिंकल्याच्या आनंदाचा नजराणा. ज्याला बोलवायला प्यादा, म्हणजे सरकारी शिपाई, धाडला त्याच्याकडून प्याद्याचा खर्चही वसूल करत, त्याला 'मसाला' म्हणत. कर्जदाराच्या दारात तगाद्याला शिपाई बसवला तर त्याच्या पोटापाण्याचा भार त्या कर्जदारावरच. दिवाणाचं, म्हणजे सरकारचं, पोट दोन्ही बाजूंनी भरे. त्यामानानं चलन बरं म्हणायचं. निदान त्यावर रक्कम छापलेली असते.

पण तिला खरं लागलं ते नोटिशीचं. मोजणीच्या आधी दोन्ही पक्षांना नोटीस बजावतात, जुन्या संहितेतल्या कलम १४९ ची, आता नव्यातल्या १६८ ची : आपल्या हातून दखलपात्र गुन्हा घडल्यास आपणास जबाबदार धरण्यात येईल, अशा अर्थाची. दोन्ही पक्षांना, म्हणजे तिलाही. सत्तरी ओलांडलेल्या, गुडघ्याला पट्टा बांधून चालणाऱ्या बाईला. "मी काय गुन्हा करणार गं?" तिनं ती नोटीस नीट घडी करून रेशनकार्डाच्या प्लॅस्टिकच्या पाकिटात ठेवली. बापूकाकांनाही तीच, शब्दाला शब्द. एका घरात वाढलेल्या दोन माणसांना सरकारनं बऱ्याच वर्षांनी पुन्हा एकसारखं काहीतरी दिलं.

मोजणीच्या दिवशी आम्ही सकाळी लवकर गेलो. माघातली थंडी होती, हरभऱ्यावर दव होतं, आणि त्या दवावर पलीकडच्या काँक्रीटच्या प्लांटची राखाडी धूळ बसलेली. लांब सिंहगडाचा टीव्हीचा मनोरा दिसत होता. पोलिसांची गाडी आली. एक सहायक फौजदार, दोन पुरुष अंमलदार आणि एक महिला अंमलदार, जी उतरल्या उतरल्या शूज चिखलात जाऊ नयेत म्हणून बांधाबांधानं चालू लागली. गाडीचं दार वाजलं त्या क्षणी माझ्या पोटातला गोळा विरघळला, आणि लगेच त्या विरघळण्याचीच लाज वाटली. समोर उंबराखाली बापूकाका उभे होते, पांढरा सदरा, डोक्यावर टोपी, हातात काठीसुद्धा नाही. ज्यांनी मला पोहायला शिकवलं त्यांच्यापासून मला चार पोलीस वाचवत होते. ते माझ्याकडे बघून मान हलवतील असं वाटलं. त्यांनी हलवली नाही. मीही नाही.

मुलं होतीच. पण आज दुचाक्या बांधावर नव्हत्या, रस्त्याच्या कडेला होत्या, आणि मुलं मोबाइलमध्ये. फौजदारांनी त्यांच्यातल्या एकाला जवळ बोलावलं, खांद्यावर हात ठेवून काहीतरी सांगितलं. मुलगा हसला. दुसरा तंबाखू मळू लागला. बस, एवढंच. माझ्या मनात केवढी मोठी चकमक घडून गेली होती! भूकरमापकानं काठी रोवली, पडद्यावर बघितलं, मापाड्यानं फक्कीनं खूण केली. जुनी हद्दीची दगडं शोधायला कुदळ लागली. एक सापडला, एक नाही. एका ठिकाणी खूण बापूकाकांच्या गोठ्याच्या पत्र्याखाली गेली, तेव्हा सगळे क्षणभर थांबले. महिला अंमलदार काही न बोलता मावशीच्या बाजूला येऊन उभी राहिली. बापूकाका म्हणाले, "घ्या, गोठा पण घ्या." ते कुणाला म्हणाले हे कळलं नाही. मावशीनं पदर तोंडाला लावला.

मधल्या वेळेत मावशीनं थर्मासमधला चहा काढला. त्याच सुमारास घरातून सुमनकाकूनं, म्हणजे तिच्या जावेनं, ट्रेमध्ये कप पाठवले. दोन्हीकडचे कप फौजदारांच्या दोन हातांच्या अंतरावर. त्यांनी दोन्हीला हात जोडले आणि एका अंमलदाराला नाक्यावरच्या टपरीवर पिटाळलं. मी म्हणाले, "साहेब, घ्या की, गार होतोय." तर म्हणाले, "ताई, चहा घेतला की बाजू लागते. आणि एकाचा घेऊन दुसऱ्याचा नाही घेतला तर तक्रारीचा अर्ज लागतो." नंतर गाडीला टेकून टपरीचा चहा पिता पिता त्यांनी स्वतःचंही सांगितलं. फलटणकडे त्यांची जमीन, चुलत्यानं दरवर्षी नांगराचं एकेक तास सरकवत बांध आत घेतलाय. "रजा टाकून गावी जातो. तिथला ठाणे अंमलदार मला म्हणतो, साहेब, तुम्हाला काय सांगायचं, दिवाणी आहे." आणि मोठ्यांदा हसले. मला ते हसू आवडलं. त्यांचा तो कोरडेपणाही मला त्या दिवशी पहिल्यांदा आवडला. आम्हा दोघींना त्यांनी एकदाही 'तुमचंच बरोबर आहे हो' म्हटलं नाही. त्याआधीच्या कित्येक महिन्यांत आम्हाला भेटलेला प्रत्येक माणूस, वकील, एजंट, माजी सदस्य, नातलग, हेच म्हणत आला होता, आणि त्याच्यामागे प्रत्येकाचं काहीतरी होतं.

ऊन कलल्यावर काम संपलं. सह्या झाल्या. बापूकाकांनी सही केली नाही, 'सही करण्यास नकार' असा शेरा पडला. आणि गाडी सुरू झाली.

गाडी सुरू झाल्याच्या त्या आवाजाबद्दल कुणी बोलत नाही. पावतीवर जेवढा वेळ लिहिलेला असतो तेवढा तो संपतो. मोजणी दिवसाची होती, मावशीला राहायचं रात्रीही होतं, त्याच अंगणात, मधल्या एका भिंतीच्या अलीकडे. मी तिला माझ्याकडे चल म्हणाले. "आज गेले तर घर सोडून गेली म्हणतील," ती म्हणाली. कायद्याच्या त्या ताब्याचं कलम तिनं वाचलेलं नाही, पण तिला ते माझ्यापेक्षा नीट कळलेलं आहे. त्या रात्री मी तिथंच झोपले. झोपले म्हणजे पडून राहिले. पलीकडे भांडी घासल्याचे आवाज, सुमनकाकूचा खोकला, टीव्हीवरची मालिका. भिंतीपलीकडून सगळं ओळखीचं ऐकू येत होतं आणि मी दाराच्या कडीकडे बघत होते. काही झालं नाही. पुढंही कधी काही झालं नाही, कुंपणाची तार एकदा तुटलेली सापडली एवढंच. पण काही न होण्यालाही फार जागरण लागतं.

पैसेवाल्यांना हा संध्याकाळचा प्रश्न पडत नाही. त्यांच्याकडे आता काळे टी-शर्ट घातलेले बाउन्सर असतात. माझ्या लहानपणी नारायण पेठेत आमच्या मागच्या वाड्यात मालक-भाडेकरू वाद होता, तेव्हा मालकानं तालमीतले दोन पहिलवान दिंडी दरवाजात बसवले होते. ते दिवसभर काही करत नसत. दूध पीत, जाणाऱ्या-येणाऱ्या बायकांना अदबीनं वाट देत, पोरांना बैठका मारून दाखवत. तरी दोन बिऱ्हाडं वर्षाच्या आत निघून गेली. भाडेकरूंच्या बाजूनं कायदा होता, लघुवाद न्यायालयात दावा होता, स्थगिती होती. जिन्यात मात्र पहिलवान होते. तो वाडा पुढं पडला, आता तिथं खाली दुकानं आणि वर फ्लॅट आहेत. २००५ मध्ये खासगी सुरक्षा संस्थांसाठी परवान्याचा कायदा आला. बाउन्सरचे टी-शर्ट आता मापाचे असतात, बाकी बसण्याची पद्धत तीच.

आणि त्याच्याही वर शस्त्रधारी पोलीस अंगरक्षक. ही गोष्ट पुण्यात फार गमतीची झाली आहे. ज्याला खरोखर भीती असते तो दार लावून घरात बसतो, आणि लग्नात, उद्घाटनात, मिरवणुकीत स्टेनगनवाला मागे उभा करून फोटो काढणारे वेगळेच असतात. या अंगरक्षकांच्या शुल्काची थकबाकी आणि त्यांची गरज यांवर २०१७ च्या सुमारास मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका चालली होती. करदात्यांच्या पैशानं खासगी माणसांना पोलीस का, असा सवाल न्यायालयानं सरकारला केला होता. सवाल रास्तच. पण तो वाचताना मला तळेगाव दाभाडे आठवत होतं. १३ जानेवारी २०१० ची सकाळ. माहिती अधिकार कार्यकर्ते सतीश शेट्टी रोजच्यासारखे फिरायला निघाले होते आणि भर रस्त्यात त्यांच्यावर वार झाले. पुणे-मुंबई द्रुतगती महामार्गालगतच्या जमिनींचे व्यवहार माहितीच्या अधिकारात त्यांनी खणून काढले होते, धमक्या येत होत्या, आणि त्यांनी पोलीस संरक्षण मागितलं होतं. त्यांचा स्वतःचा त्यात एक गुंठाही नव्हता. संरक्षण मिळायच्या आधी मारेकरी आले. म्हणजे धोका मोजायचा तो मागणाऱ्याच्या चेहऱ्यावरून, पावतीवरून की त्यानं कुणाची झाकली मूठ उघडली यावरून? ज्या समित्या हे ठरवतात त्यांच्यापुढे शेवटी कागदच जातात. आणि कागदावर पुन्हा तोच रकाना, कोणापासून.

मावशीच्या अर्जात तो शेवटी असा भरला गेला : 'सामनेवाले क्र. १ यांचे मुलगे व त्यांचे मित्र यांचेपासून शांतता भंग होण्याची शक्यता'. वाक्य अंमलदाराचं. त्याला सवय होती. सामनेवाले क्रमांक एक कोण, हे अर्जाच्या वरच्या भागात लिहावंच लागलं, पूर्ण नाव, वय, धंदा शेती. मावशीनं तेव्हा खिडकीकडे तोंड केलं होतं. तिला माझं लिहिणं दिसायला नको होतं. तिनं सही मात्र केली, मोठ्या, सुट्या अक्षरांत. मला आता वाटतं, तिचं म्हणणं अक्षरशः खरं होतं. बापूकाकांपासून तिला धोका नव्हताच. ते तिच्यावर कधी हात उचलणार नाहीत हे तिला ठाऊक होतं. ते मधे पडणार नाहीत, हेही ठाऊक होतं. मुलं दुचाक्या आडव्या लावतील आणि ते उंबराखाली उभे राहतील, याची तिला भीती होती. उंबराखाली उभं राहणाऱ्या माणसाविरुद्ध कुठलं कलम लागत नाही, आणि लागू नये हेही मला कळतं.

मोजणीची 'क' प्रत, म्हणजे हद्दी दाखवणारा नकाशा, आली आहे. गोठ्याचा कोपरा तिच्या हिश्श्यात निघतो, दीडेक फूट. बापूकाकांनी निमताना मोजणीचा अर्ज टाकलाय, म्हणजे वरचा अधिकारी येऊन पुन्हा मोजणार. वाटपाचा दावा शिवाजीनगर कोर्टात चालूच आहे, मनाई हुकूम दोन्हीकडून मागितलेले. निकाल लागला तरी मग त्याच्या अंमलबजावणीची दरखास्त, मग कोर्टाचा बेलीफ, मग बेलीफासाठी पुन्हा बंदोबस्त.

मध्यंतरी सुमनकाकूच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. मुलं कामात, सून बाळंत. मावशी दोन आठवडे रोज डबा घेऊन इस्पितळात जात होती, स्वतःच्या गुडघ्याला पट्टा बांधून. वकिलांना कुठून तरी कळलं. ते फोनवर माझ्यावर उखडले, की असं चालत नाही, समोरचे उद्या कोर्टात म्हणतील आमची तडजोड झाली, येणं-जाणं आहे, धोका कसला! मी फोन स्पीकरवर टाकला. मावशीनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "वकीलसाहेब, निकाल साधारण कधी लागेल?" ते म्हणाले, ते कसं सांगणार आजी, दिवाणी आहे, वर्षं जातात.

"मग तोवर तिनं उपाशी झोपायचं का?" मावशी म्हणाली, आणि मला विचारू लागली की पथ्याला साबुदाण्याची खिचडी चालते का.